जादूची गळती आणि विद्यापीठाची भिंत : टेरी प्रॅचेट यांच्या ‘डिस्कवर्ल्ड’मधील घातक ऊर्जेचा विचार

प्रस्तावना

फँटसी अथवा अद्भुतिका या साहित्यप्रकाराकडे आपल्या समीक्षेने बहुधा दोनच दृष्टींनी पाहिले आहे. एक दृष्टी त्याला बालसाहित्याच्या कक्षेत ठेवते, तर दुसरी त्याच्यावर पलायनवादाचा शिक्का मारते. या दोन्ही दृष्टींत एक गृहीतक समान आहे. अद्भुताच्या जगात काहीही घडू शकते, म्हणून तेथे कशाचीच किंमत मोजावी लागत नाही, हे ते गृहीतक होय. इंग्रज कादंबरीकार टेरी प्रॅचेट (१९४८-२०१५) यांची ‘डिस्कवर्ल्ड’ ही कादंबरीमाला या गृहीतकाला थेट छेद देते. १९८३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘द कलर ऑफ मॅजिक’पासून २०१५ मध्ये मरणोत्तर प्रसिद्ध झालेल्या ‘द शेफर्ड्स क्राउन’पर्यंत या मालेत ४१ कादंबऱ्या आहेत. त्यांतील जादू ही एक ऊर्जा आहे. ती साठते, गळते, प्रदूषण करते आणि अनावर झाली तर जगाचे अस्तित्व धोक्यात आणते.

प्रस्तुत लेखात या घातक ऊर्जेचे स्वरूप, तिला आवरून धरणारी व्यवस्था आणि त्या व्यवस्थेची किंमत कोण मोजतो, या तीन प्रश्नांचा विचार केला आहे. या मालेतील जादू म्हणजे अणुऊर्जेचे रूपक होय, असे वाचन सहज सुचते. ते चुकीचे नाही, परंतु अपुरे आहे. प्रॅचेट यांचे खरे लक्ष ऊर्जेपेक्षा तिच्याभोवतीच्या भिंतीकडे आहे आणि ही भिंत एका विद्यापीठाची आहे, हे येथे दाखवावयाचे आहे.

जादूच्या ऊर्जेची घडण

डिस्कवर्ल्ड हे तबकडीच्या आकाराचे सपाट जग आहे. चार हत्तींनी ते पाठीवर तोलले आहे आणि हे हत्ती अवकाशातून पोहत जाणाऱ्या एका प्रचंड कासवाच्या पाठीवर उभे आहेत. दिग्गज आणि कूर्म यांच्या कथा ऐकत वाढलेल्या मराठी वाचकाला हे चित्र परके वाटणार नाही. असे जग निसर्गनियमांनी टिकणे अशक्य असल्याने ते जादूच्या प्रभावक्षेत्रामुळे टिकले आहे. म्हणजे येथे जादू हा वास्तवाचा अपवाद नाही, ती वास्तवाची पूर्वअट आहे. जे जगाला धारण करते तेच त्याला उद्ध्वस्तही करू शकते, हा पेच मालेच्या पायातच घातलेला आहे.

या ऊर्जेचे वर्णन करताना प्रॅचेट भौतिकशास्त्राच्या परिभाषेचे खट्याळ विडंबन करतात. ‘थॉम’ हे जादू मोजण्याचे एकक आहे. ‘ऑक्टरीन’ हा जादूचा रंग आहे. इंद्रधनुष्यातील हा आठवा रंग जादूगारांना आणि मांजरांना दिसतो. प्रबळ जादूच्या क्षेत्रात प्रकाशाचा वेग मंदावतो. सुरुवातीच्या कादंबऱ्यांत जादूला अक्षय्यतेचा नियमही लागू आहे. हाताने एखादे काम करण्यास जितके कष्ट लागतील, तितकेच मंत्राने करण्यासही लागतात. उंच मनोऱ्यावर मंत्रबळाने चढावयाचे तर तितक्याच वजनाचा दगड वरून खाली यावा लागतो. जादूगाराची सत्ता या हिशेबाने बांधलेली आहे.

या ऊर्जेचे धोके तीन प्रकारचे दिसतात. पहिला धोका प्रत्यक्ष स्फोटाचा. दुसरा संसर्गाचा. ‘द लाइट फँटास्टिक’ (१९८६) या कादंबरीत ‘ऑक्टाव्हो’ या महामंत्रांच्या ग्रंथातून ऊर्जेचा लोट उसळतो आणि विद्यापीठाचा ग्रंथपाल ओरांगउटान होतो. पुढे त्याला पूर्ववत व्हावेसेही वाटत नाही, हा खास प्रॅचेट यांचा विनोद. तिसरा धोका सर्वांत गंभीर आहे. जादूचा अतिरेक झाला की वास्तवाचा पडदा विरतो आणि ‘डंजन डायमेन्शन्स’ या अंधारलोकातील निराकार सत्त्वे आत शिरू पाहतात. त्यांना स्वतःचे असे काहीच नाही. म्हणूनच त्यांना अस्तित्वाची भूक आहे आणि जादू हे त्यांचे अन्न आहे.

अणुभट्टीचे रूपक आणि त्याची मर्यादा

लेखकाचे चरित्र येथे दुर्लक्षून चालणार नाही. पूर्णवेळ लेखक होण्यापूर्वी, १९८० च्या सुमारापासून १९८७ पर्यंत, प्रॅचेट इंग्लंडच्या ‘सेंट्रल इलेक्ट्रिसिटी जनरेटिंग बोर्ड’ या वीजनिर्मिती मंडळात प्रसिद्धी अधिकारी होते आणि अणुवीज केंद्रे त्यांच्या कार्यक्षेत्रात होती. अमेरिकेतील थ्री माइल आयलंडचा अपघात २८ मार्च १९७९ चा आणि सोव्हिएत युक्रेनमधील चेर्नोबिलचा २६ एप्रिल १९८६ चा. लोकांच्या मनातील भीती आणि अभियंत्यांची परिभाषा यांच्या मधल्या जागेवर बसून या लेखकाने आपल्या आरंभीच्या कादंबऱ्या लिहिल्या.

हा संबंध पुढे उघडच होतो. इयान स्ट्युअर्ट आणि जॅक कोहेन या वैज्ञानिकांसह लिहिलेल्या ‘द सायन्स ऑफ डिस्कवर्ल्ड’ (१९९९) मध्ये पाँडर स्टिबन्स हा तरुण जादूगार थॉमचे विभाजन करणारी भट्टी उभारतो, तीही विद्यापीठाच्या स्क्वॉश कोर्टात. एन्रिको फर्मी यांच्या चमूने २ डिसेंबर १९४२ रोजी शिकागो विद्यापीठाच्या क्रीडांगणातील प्रेक्षकसज्जाखाली असलेल्या अशाच एका कोर्टात पहिली नियंत्रित साखळी अभिक्रिया घडवून आणली, हा इतिहास ठाऊक असलेल्या वाचकाला निर्देश तत्काळ कळतो. स्टिबन्सच्या भट्टीतून अपेक्षेहून अधिक ऊर्जा बाहेर पडते. ती कोठेतरी खर्च करणे भाग पडते आणि त्या खर्चातून आपले गोलाकार, जादूविहीन विश्व निर्माण होते.

तथापि रूपकाची किल्ली एकदा सापडली की समीक्षकाचे काम संपले, असे मानणे घातक ठरेल. अणुऊर्जा हेच या जादूचे अंतिम उत्तर असते, तर या कादंबऱ्या शीतयुद्धाच्या अखेरच्या दशकाबरोबर जुन्या झाल्या असत्या. दुसरे असे की, अणुभट्टीच्या संदर्भात ‘सुरक्षा’ ही मुख्यतः तांत्रिक बाब मानली जाते. पोलाद, काँक्रीट, शिसे आणि नियंत्रक दांडे ही तिची साधने. डिस्कवर्ल्डमध्ये सुरक्षेची साधने निराळी आहेत. दिवसातून अनेकदा होणारी भोजने, दुपारची झोप, पदांची उतरंड, लांबलचक बैठका आणि परंपरेचा अनाकलनीय गुंता ही ती साधने होत. रूपक जेथे संपते तेथून प्रॅचेट यांचे स्वतःचे म्हणणे सुरू होते.

‘सोर्सरी’ : उगमाचा उन्माद

हे म्हणणे सर्वांत स्पष्टपणे ‘सोर्सरी’ (१९८८) या कादंबरीत येते. शीर्षकात श्लेष आहे. चेटकासाठी इंग्रजीत असलेल्या ‘सॉर्सरी’ या शब्दात ‘सोर्स’, म्हणजे उगम, हा शब्द लेखकाने दडवला आहे. डिस्कवर्ल्डमध्ये आठव्या मुलाचा आठवा मुलगा जादूगार होतो. त्या जादूगाराला आठवा मुलगा झाला तर तो ‘सोर्सरर’ होतो. इतर जादूगार जगात असलेली ऊर्जा वापरतात, हा मात्र नवी ऊर्जा जगात आणतो. अक्षय्यतेचा नियम त्याला लागू नाही. पुराणकाळी असे अनेक होते आणि त्यांच्या युद्धांनी जग होरपळले. जादूगारांना विवाह निषिद्ध आहे तो याच कारणाने. ब्रह्मचर्याचा नियम येथे धार्मिक पावित्र्यातून आलेला नाही; ती साखळी अभिक्रिया रोखण्याची तजवीज आहे.

इप्सलोर नावाचा जादूगार हा नियम मोडतो. त्याचा आठवा पुत्र कॉइन वयाच्या दहाव्या वर्षी ‘अनसीन युनिव्हर्सिटी’ या जादूगारांच्या विद्यापीठात येऊन उभा राहतो. मृत पित्याचा आत्मा त्याच्या हातातील दंडात वसलेला आहे आणि त्याला विद्यापीठावर सूड उगवावयाचा आहे. कॉइनच्या सान्निध्यात सुस्त, स्थूल जादूगारांना एकाएकी अमर्याद सामर्थ्य प्राप्त होते. ते उजळतात, आत्मविश्वासाने बोलू लागतात, जगावर राज्य करण्याची भाषा करतात. लवकरच प्रत्येकाला स्वतःचा मनोरा हवासा वाटतो आणि मनोऱ्यांचे परस्परांशी युद्ध जुंपते.

या क्रमातील एक तपशील मला निर्णायक वाटतो. सामर्थ्य मिळताच जे संकटात येते ते ग्रंथालय होय. कॉइनच्या नव्या व्यवस्थेत जुन्या पुस्तकांचे प्रयोजनच उरत नाही. ज्याला उगम सापडला त्याला पूर्वसूरींची गरज काय? ग्रंथालय जाळले जाते. पुस्तके वाचतात ती ओरांगउटान झालेल्या ग्रंथपालाने ती आधीच मनोऱ्यात हलविल्यामुळे. येथे प्रॅचेट यांनी ज्ञान आणि सामर्थ्य यांतील भेद काटेकोरपणे मांडला आहे. ज्ञान साठवावे लागते, क्रमाने मिळवावे लागते, दुसऱ्याच्या हाती सोपवावे लागते. या प्रत्येक पायरीवर विलंब आहे आणि तो विलंब हीच सुरक्षा आहे. सोर्सररच्या सामर्थ्याला विलंब ठाऊक नाही.

कॉइनचा सामना करावयास जो उभा राहतो तो रिन्सविंड हा जादूगार म्हणवणारा, परंतु एकही मंत्र न येणारा भित्रा मनुष्य. त्याच्या हाती शस्त्र आहे ते पायमोज्यात घातलेल्या अर्ध्या विटेचे. तो या शस्त्राने जिंकत नाही. दंडाचे ऐकणे तुझ्यावर बंधनकारक नाही, एवढेच तो त्या मुलाला जाणवून देतो. पित्याच्या महत्त्वाकांक्षेच्या ओझ्याखाली दबलेले मूल आणि त्याला नकाराचा हक्क दाखवणारा अपयशी माणूस, हा या विध्वंसकथेचा मानवी गाभा आहे. उपहासाच्या आवरणाखाली करुण येथे अलगद प्रवेश करतो.

सुस्त विद्यापीठाचे समर्थन

या प्रकाशात अनसीन युनिव्हर्सिटीचे चित्रण पाहिले पाहिजे. वरवर पाहता ते प्राध्यापकवर्गाचे बोचरे व्यंगचित्र आहे. आपल्यापैकी कोणीही ते वाचताना थोडे अस्वस्थ होऊन हसेल. भोजनाच्या घंटेकडे कान लागलेले विभागप्रमुख, विद्यार्थ्यांना शिताफीने टाळणारे अध्यापक, कशाचे आहे हे कोणालाच न कळणारे अध्यासन, हे सर्व ओळखीचे वाटावे असेच आहे. पूर्वी या विद्यापीठात वरिष्ठाचा खून करून बढती मिळवण्याची रीत होती. ‘मूव्हिंग पिक्चर्स’ (१९९०) मध्ये मस्ट्रम रिडकली हा दणकट, मोठ्या आवाजाचा कुलगुरू आल्यानंतर हा प्रकार थांबला आणि मंडळी निर्धास्तपणे जेवू लागली.

परंतु या व्यंगचित्राच्या तळाशी एक गंभीर प्रमेय आहे. जगाचा नाश करू शकणारी माणसे एका भिंतीआड पोटभर जेवून, क्षुल्लक वादांत गुंतून पडली असतील, तर जग सुरक्षित आहे. विद्यापीठ जादू शिकवण्यासाठी आहे असे दिसते. वास्तविक ते जादू होऊ नये यासाठी आहे. संस्थेच्या सुस्तीला प्रॅचेट यांनी असे नैतिक मूल्य दिले आहे. कार्यक्षमता हे स्वयंसिद्ध मूल्य मानणाऱ्या काळात हा विचार धक्कादायक आणि म्हणूनच विचारणीय आहे.

उपसंहाराची विद्या

भारतीय वाचकाला येथे महाभारतातील सौप्तिकपर्वाची आठवण होणे स्वाभाविक आहे. अश्वत्थामा गवताच्या काडीवर ब्रह्मशिर अस्त्राची योजना करतो आणि अर्जुन प्रत्यस्त्र सोडतो. दोन तेजांच्या मध्ये व्यास आणि नारद उभे राहतात. अर्जुन आपले अस्त्र मागे घेतो. अश्वत्थाम्याला ते साधत नाही, कारण अस्त्राचा उपसंहार केवळ व्रतस्थ आणि संयत पुरुषालाच शक्य असतो. मागे न घेता आलेले अस्त्र अखेर उत्तरेच्या गर्भावर पडते.

दोन्ही परंपरांत प्रश्न एकच आहे. शक्ती सोडण्याच्या विद्येपेक्षा ती न सोडण्याची वा आवरण्याची विद्या श्रेष्ठ व दुष्कर आहे. फरक आहे तो उत्तरात. महाभारत हा संयम व्यक्तीच्या तपाकडून मागते. प्रॅचेट यांचा व्यक्तीच्या तपावर फारसा विश्वास नाही. त्यांचे जादूगार मोहाला क्षणार्धात बळी पडतात. म्हणून ते संयमाची जबाबदारी संस्थेच्या सवयींवर टाकतात. मात्र ‘इक्वल राइट्स’ (१९८७) मध्ये त्यांनी व्यक्तीच्या संयमाचाही मार्ग दाखवला आहे. अंधारलोकातील सत्त्वांच्या तावडीत सापडलेली एस्करिना ही बालिका आणि सायमन हा विद्यार्थी यांची सुटका जादू करून होत नाही. हाती जादू असूनही ती न वापरल्याने होते. ग्रॅनी वेदरवॅक्स या चेटकिणीचे सारे जीवनच या तत्त्वावर उभे आहे. तिच्या विद्येत मंत्र थोडे आणि माणसांची पारख अधिक.

भिंतीबाहेरचे जग

येथपर्यंत प्रॅचेट यांची भूमिका सुसंगत दिसते. अडचण यापुढे आहे आणि समीक्षेने ती टाळता कामा नये. भिंत ऊर्जेला आत ठेवते, तशीच ती माणसांना बाहेर ठेवते. ‘इक्वल राइट्स’चा विषयच हा आहे. मरणासन्न जादूगार आठव्या मुलाच्या आठव्या अपत्याला आपला दंड देतो, परंतु ते अपत्य मुलगी निघते. एस्करिनाला विद्यापीठात प्रवेश नाकारला जातो आणि कादंबरीच्या अखेरीस तो मिळतो. वाचक समाधान पावतो. परंतु लगेच पुढील वर्षी आलेल्या ‘सोर्सरी’मध्ये या बदलाची खूणही नाही. त्यानंतरच्या जादूगारांच्या कादंबऱ्यांतही विद्यापीठाचे अध्यापकमंडळ संपूर्णपणे पुरुषांचे राहते. एस्करिना पुन्हा भेटते ती थेट ‘आय शाल वेअर मिडनाइट’ (२०१०) मध्ये, चेटकिणींच्या कथेत. एका कादंबरीने भिंत फोडली, पुढच्या कादंबरीने भिंतीचे महत्त्व सिद्ध केले आणि या दोन्हींचा मेळ कधीच घातला गेला नाही. विनोदी मालेकडून सातत्याची अपेक्षा धरू नये, असा बचाव करता येईल. तथापि मागे राहिलेली विसंगती नेमकी हीच असावी, याला अर्थ आहे.

भिंतीला गळतीही आहे. ‘द अमेझिंग मॉरिस अँड हिज एज्युकेटेड रोडंट्स’ (२००१) या कार्नेगी पदक मिळालेल्या कादंबरीत विद्यापीठामागच्या उकिरड्यावर जादूगारांनी टाकलेला कचरा खाऊन उंदरांना बुद्धी प्राप्त होते. ही बुद्धी निखळ वरदान नाही. विचार करू लागलेल्या उंदरांना मृत्यूची भीती, अंधाराची भीती आणि आपल्याच जातीला खाण्याविषयीची लज्जा कळू लागते. आत भोजने चालू आहेत आणि त्यांचा उच्छिष्ट परिणाम बाहेरचे, ज्यांना कोणी विचारले नाही असे जीव भोगत आहेत. घातक ऊर्जेचा विचार येथे सर्वाधिक परिपक्व होतो, कारण स्फोटाच्या भव्य दृश्याऐवजी कचऱ्याचा साधा प्रश्न समोर येतो.

‘अनसीन अकॅडेमिकल्स’ (२००९) मध्ये लेखक विद्यापीठाच्या तळघरात उतरतो. जादूगारांच्या भोजनखर्चाचा मोठा भाग एका देणगीवर चालतो आणि तिच्या अटीनुसार विद्यापीठाने फुटबॉल खेळला पाहिजे, असा कथेचा आरंभ आहे. मात्र तिचे केंद्र रात्रीच्या स्वयंपाकघराची प्रमुख ग्लेंडा आणि मेणबत्त्यांच्या तळघरात राबणारा नट्ट यांच्याकडे आहे. जी भोजने जगाला जादूपासून वाचवतात, ती शिजवणारे हात येथे प्रथमच कथेच्या मध्यभागी येतात. संस्थेची सुस्ती ही जगाची सुरक्षा असेल, तर त्या सुस्तीचा भार वाहणारे हेच लोक खरे रक्षक ठरतात. प्रॅचेट हे विधान उघडपणे करत नाहीत. परंतु १९८८ ची ‘सोर्सरी’ आणि २००९ ची ही कादंबरी शेजारी ठेवून वाचली असता ते टाळता येत नाही.

समारोप

डिस्कवर्ल्डमधील जादू ही फुकटची शक्ती नाही. तिला एकक आहे, नियम आहेत, गळती आहे आणि कचराही आहे. अणुयुगाच्या अनुभवातून ही कल्पना आकारास आली असली, तरी तिचा रोख सामर्थ्य आणि संस्था यांच्या नात्यावर आहे. अमर्याद सामर्थ्याला उत्तर म्हणून प्रॅचेट अधिक मोठे सामर्थ्य उभे करत नाहीत. ते भोजनगृह, ग्रंथालय, रूढी आणि विलंब यांकडे बोट दाखवतात. विनोदाच्या माध्यमातून मांडलेला हा संस्थाविचार फँटसीवरील पलायनवादाचा आरोप फोल ठरवण्यास पुरेसा आहे.

परंतु या विचाराचा स्वीकार करताना त्यातील फट झाकून चालणार नाही. जी संस्था ‘आम्ही आहोत म्हणून जग सुरक्षित आहे’ असे म्हणते, तिला तिच्या दाराशी थांबवलेली मुलगी, तिच्या उकिरड्यावरचे उंदीर आणि तिच्या तळघरातील स्वयंपाकीण यांचा हिशेब द्यावा लागतो. प्रॅचेट यांनी हा हिशेब एका कादंबरीत पूर्ण केला नाही. तो त्यांनी अनेक कादंबऱ्यांत विखरून ठेवला. तो एकत्र मांडून पाहणे हे समीक्षकाचे काम आहे. विद्यापीठाच्या भिंतीआत बसून ही माला वाचणाऱ्या आपल्यासारख्यांना तर ते अधिकच लागू पडते.